अकरा महिन्यांचा बाँड आणि १ नोव्हेंबर १९५६ : कायदा शिकायला लागताना

खानापूर, निपाणी, चंदगडकडची मुले बेळगावात शिकायला येतात, टिळकवाडीत नाहीतर शहापुरात खोली बघतात आणि घरमालक स्टॅम्पपेपर पुढे करतो. आपण त्याला सरसकट बाँड म्हणतो. त्यावर मुदत असते अकरा महिने. पोराला तीन वर्षे राहायचे असते, मालकालाही ते ठाऊक असते, तरी कागदावर अकराच. का, म्हणून विचारले की उत्तर मिळते, "तशी पद्धतच आहे."

लॉच्या पहिल्या वर्षाला बसलेल्या प्रत्येक मुलामुलीने आधी हा बाँड वाचावा, असे मला मनापासून वाटते. कायदा कुठून येतो, कुणावर चालतो, कुठपर्यंत चालतो, हे सगळे प्रश्न त्या एका कागदात आहेत. मी बेळगावच्या कोर्टात वकिली करते. मराठी शाळेतून लॉला गेले तेव्हा 'ज्युरिस्प्रुडन्स' हा शब्द ऐकूनच छातीत धडकी भरली होती. विधिशास्त्र हा विषय तितका अवघड नव्हता. तो माझ्या भाषेत, माझ्या गावातली उदाहरणे घेऊन कुणी सांगितला नव्हता.

तर अकराच का? १९०८ च्या नोंदणी कायद्याचे कलम १७ सांगते की घर-जमिनीचा एक वर्षाहून जास्त मुदतीचा भाडेपट्टा सब-रजिस्ट्रारकडे नोंदवलाच पाहिजे. नोंदणी म्हटली की शुल्क आले, साक्षीदार आले, एका दिवसाचा खाडा आला. मुदत वर्षाच्या आत ठेवली की हे टळते. हीच युक्ती कोल्हापुरात मात्र चालत नाही. महाराष्ट्राच्या १९९९ च्या भाडे नियंत्रण कायद्याचे कलम ५५ म्हणते की करार कितीही महिन्यांचा असो, तो लेखी हवा आणि नोंदवलेला हवा.

कुणाच्या अधिकाराने?

१९०८ चा हा कायदा केला कुणी? गव्हर्नर-जनरलच्या कायदेमंडळाने, म्हणजे इंग्रज राजवटीने. इंग्रज तर १९४७ ला गेले. मग त्यांच्या शब्दाला आजचा बेळगावचा घरमालक का बांधील? राज्यघटनेचा अनुच्छेद ३७२ म्हणतो की घटना लागू होण्याआधीचे कायदे, ते बदलेपर्यंत किंवा रद्द होईपर्यंत, चालूच राहतील. बरे, मग घटनेला हा अधिकार कुणी दिला? संविधान सभेने ती २६ नोव्हेंबर १९४९ ला स्वीकारली, २६ जानेवारी १९५० ला ती अमलात आली. आणि संविधान सभेला कुणी दिला?

जमीन घेताना वकील मूळ कागद बघायला सांगतो, तसेच हे आहे. आजच्या मालकाने कुणाकडून घेतली, त्याने कुणाकडून, त्याच्याआधी कुणाची. मागे मागे जात शेवटी एखाद्या इनामाच्या सनदेपाशी आपण थांबतो आणि ती खरी धरून चालतो. ऑस्ट्रियन विधिज्ञ हान्स केल्सन यांनी कायद्याबद्दल हेच सांगितले. प्रत्येक नियमाला बळ मिळते ते त्याच्या वरच्या नियमाकडून. ग्रामपंचायतीच्या उपविधीला बळ राज्याच्या कायद्याचे, राज्याच्या कायद्याला घटनेचे. आणि घटनेच्याही वर एक नियम आपण गृहीत धरतो : ही घटना पाळायची. या गृहीत नियमाला त्यांनी 'ग्रुंडनॉर्म' म्हटले. तो कुठे लिहिलेला नसतो, पण तो धरला नाही तर खालचे काहीच उभे राहत नाही.

इंग्रज विधिज्ञ एच. एल. ए. हार्ट यांनी १९६१ मध्ये वेगळे उत्तर दिले. गृहीत कशाला धरायचे, लोक प्रत्यक्षात काय करतात ते पाहा, असे त्यांचे म्हणणे. न्यायाधीश, मामलेदार, सब-रजिस्ट्रार, वकील हे सगळे रोजच्या कामात कोणत्या खुणेवरून एखाद्या नियमाला 'कायदा' म्हणून ओळखतात? ती खूण म्हणजेच त्या व्यवस्थेचा शेवटचा नियम. हार्ट यांनी त्याला ओळखीचा नियम म्हटले. तो असतो की नसतो, हे व्यवहारावरून कळते.

मला हार्ट जास्त पटतात, आणि त्याचे कारण आपल्या सीमाभागात घडले आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्य पुनर्रचना कायद्याने मुंबई राज्यातला बेळगाव जिल्हा, एकटा चंदगड तालुका वगळून, म्हैसूर (म्हणजे आजच्या कर्नाटक) राज्यात गेला. त्या दिवसाची सल आपल्या घराघरांत आहे, माझ्याही घरात आहे. ती बाजूला सारायला मी सांगत नाही. पण कायदा शिकणाऱ्याने त्या दिवसाबद्दल आणखी एक प्रश्न विचारायला हवा : त्या सकाळी उचगावच्या शेतकऱ्याच्या जमिनीवर कोणता कायदा चालत होता?

उत्तर आहे : आदल्या दिवशीचाच. त्याच १९५६ च्या कायद्याचे कलम ११९ असे की, प्रदेश या राज्यातून त्या राज्यात गेला म्हणून तिथे लागू असलेले कायदे बदलत नाहीत. सक्षम कायदेमंडळ बदल करीपर्यंत ते त्याच मुलखात चालू राहतात. म्हणजे राज्य म्हैसूर आणि कायदा मुंबईचा. परगणा व कुलकर्णी वतने रद्द करणारा १९५० चा मुंबई कायदा आजही बेळगाव-धारवाडकडच्या जमिनीच्या खटल्यांत वाचला जातो तो यामुळेच. कचेरीवरची पाटी बदलली, आत बसलेला कारकून त्याच कायद्याने नोंद घालत राहिला. तो तसे का करत राहिला, याचे उत्तर कुणाच्या धाकात सापडत नाही. ते त्याच्या रोजच्या कामाच्या रिवाजात आणि त्या रिवाजाला आधार देणाऱ्या कलमात सापडते.

'द्यावे लागले' आणि 'देणे लागतो'

धाकाचा विषय निघाला म्हणून जॉन ऑस्टिन (१७९०–१८५९). कायदा म्हणजे सार्वभौमाची आज्ञा, मोडली तर शिक्षा, ही त्यांची व्याख्या. परीक्षेत ती हमखास येते आणि पहिल्यांदा ऐकताना ती पटतेही.

आता हे बघा. गावच्या वाटेवर चारजण दोरी आडवी धरून गाडी थांबवतात, दमदाटी करून वर्गणी घेतात. पुढे महामार्गावर टोलनाका लागतो, तिथेही गाडी थांबते आणि पैसे जातात. दोन्हीकडे आज्ञा आहे, दोन्हीकडे न पाळल्यास त्रास आहे. मग फरक काय? ऑस्टिन म्हणतील, टोलमागे सार्वभौम सत्ता आहे. हार्ट म्हणतात, फरक त्याहून खोल आहे, आणि तो आपल्या मराठीत दोन क्रियापदांत अगदी स्वच्छ दिसतो. दोरीवाल्यांना पैसे 'द्यावे लागले'. सोसायटीचे कर्ज मी 'देणे लागतो'. पहिल्यात नाइलाज आहे, दुसऱ्यात बंधन. वसुलीला कुणी आले नाही, तरी देणे उरतेच. ऑस्टिन यांची व्याख्या 'द्यावे लागले' समजावते. 'देणे लागतो' तिच्या हाताला लागत नाही.

दुसरी अडचण अशी की कितीतरी कायदे आज्ञा देतच नाहीत. १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार कायद्यानुसार मृत्युपत्रावर किमान दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात. आजोबांनी एकाच साक्षीदारासमोर कागद केला तर त्यांना कुणी तुरुंगात टाकत नाही. तो कागद मृत्युपत्र होत नाही, इतकेच. असे नियम माणसाला काहीतरी करण्याची ताकद देतात : मृत्युपत्र करण्याची, करार करण्याची, लग्न करण्याची.

बहिणीचा वाटा

विधिशास्त्रातला सगळ्यात जुना वाद हा की अन्याय्य कायदा हा कायदा म्हणायचा का. निसर्ग-नियमवादी म्हणतात, कायद्याला न्यायाचा आधार हवा, नाहीतर तो नुसता कागद. प्रत्यक्षार्थवादी म्हणतात, कायदा काय 'आहे' हा एक प्रश्न आणि काय 'असावा' हा दुसरा. दोन्ही विचारा, पण एकात एक मिसळू नका. हा वाद मला पुस्तकात कधी नीट कळला नाही. वाटणीच्या दाव्यांत कळला.

हिंदू उत्तराधिकार कायदा आला १९५६ मध्ये, म्हणजे सीमा बदलली त्याच वर्षी. त्यात मुलीला बापाच्या स्वतःच्या मिळकतीत वाटा मिळाला, पण एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित जमिनीत मुलगा जन्मतः सहहिस्सेदार आणि मुलगी नाही, हे तसेच राहिले. १९९४ मध्ये कर्नाटक आणि महाराष्ट्र या दोन्ही राज्यांनी दुरुस्ती केली आणि मुलीला मुलाच्या बरोबरीने सहहिस्सेदार मानले. मात्र त्याआधी लग्न झालेल्या मुली वगळल्या. एकाच घरातल्या दोघी बहिणी, थोरलीचे लग्न १९९३ चे, धाकटीचे १९९५ चे. धाकटीला वाटा, थोरलीला नाही. ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राच्या दुरुस्तीने ती लग्नाची अट गेली.

पण बाप २००५ च्या आधीच वारला असेल तर? हा प्रश्न ज्या खटल्यातून पुढे आला, त्याची सुरुवात १९९२ मध्ये बेळगावच्या कोर्टातल्या वाटणीच्या दाव्याने झाली. २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांनी त्यावर निकाल दिला, 'प्रकाश विरुद्ध फुलवती' : ९ सप्टेंबर २००५ ला बाप आणि मुलगी दोघेही हयात हवेत. २०१८ मध्ये दोनच न्यायाधीशांच्या दुसऱ्या पीठाने 'दानम्मा' खटल्यात याच्याशी न जुळणारा निकाल दिला. सारख्या आकाराची दोन पीठे दोन तोंडांना. खालच्या कोर्टाने मानायचे कुणाचे? अशा वेळी मोठे पीठ बसवावे लागते. ११ ऑगस्ट २०२० रोजी तीन न्यायाधीशांनी 'विनीता शर्मा' खटल्यात सांगितले की मुलीचा हक्क जन्माने येतो, बाप २००५ ला हयात असणे गरजेचे नाही. फुलवतीचा नियम तिथे मोडीत निघाला. २० डिसेंबर २००४ च्या आधी नोंदणीने किंवा कोर्टाच्या हुकुमाने झालेल्या वाटण्या मात्र उकरता येत नाहीत.

आता त्या थोरल्या बहिणीकडे बघा. १९९३ मध्ये तिला वाटा नव्हता, हे कायदा म्हणून खरे होते. ते अन्याय्य होते, हेही तितकेच खरे होते. 'आहे' आणि 'असावे' हे दोन वेगळे ठेवल्यामुळेच तिच्या बाजूने भांडता येते. कायद्यालाच न्याय म्हटले की भांडायला जागा उरत नाही, आणि अन्याय्य कायद्याला कायदाच न म्हटले की मामलेदाराच्या टेबलावर आपले कुणी ऐकत नाही. डॉ. आंबेडकर कायदामंत्री असताना हिंदू कोड बिलासाठी झगडले. ते पुढे सरकेना तेव्हा सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपद सोडले, आणि त्यामागच्या कारणांत हे बिल ठळक होते. प्रचलित कायदा काय आहे हे त्यांच्याइतके नेमके क्वचितच कुणी जाणत होते. तो बदलण्याचा आग्रह त्यांनी त्याच जाणिवेतून धरला.

एक गोष्ट मात्र वकील म्हणून सांगितल्याशिवाय राहवत नाही. बहिणीकडून हक्क सोडल्याच्या कागदावर सही घेताना तिला तो मराठीत वाचून दाखवा. कन्नडमध्ये लिहिलेल्या कागदावर न समजता सही केलेल्या बाया मी पाहिल्या आहेत.

एकच शब्द 'हक्क', अर्थ चार

"माझा हक्क आहे" हे वाक्य कोर्टाच्या आवारात दिवसभर ऐकू येते. अमेरिकी अध्यापक वेस्ली होफेल्ड यांनी १९१३ मध्ये दाखवले की या एका शब्दात निदान चार गोष्टींची सरमिसळ होते. त्यांचा तक्ता पाठ करू नका, शेताच्या वाटेवर उभे राहून बघा.

तुमच्या शेतात जायची वाट शेजाऱ्याच्या बांधावरून जाते. वीस वर्षे तुम्ही ती उघडपणे, अखंड, हक्काने वापरली असेल तर १८८२ च्या सुविधाधिकार कायद्याने ती तुमची वहिवाट होते. आता शेजाऱ्याने काटे टाकले तर त्याने त्याचे कर्तव्य मोडले. हा पहिला अर्थ : माझा हक्क म्हणजे समोरच्याचे कर्तव्य. पण समजा, शेजारी इतकी वर्षे "जा हो, आपलेच आहात" म्हणत परवानगीने जाऊ देत होता. मग तुम्हाला जायची मोकळीक आहे, म्हणजे गेलात तर चूक नाही, पण त्याने उद्या नाही म्हटले तर त्याला अडवता येत नाही. हा दुसरा अर्थ. बांधावरची निम्मी भांडणे या दोहोंतला फरक न कळल्याने होतात. तिसरा अर्थ ताकद : शेत विकण्याची, गहाण टाकण्याची. विक्री झाली की दुसऱ्यांचेही कायदेशीर संबंध बदलतात. चौथा अर्थ अभय : समोरच्याला तुमचे स्थान बदलण्याची ताकदच नसणे. मूलभूत हक्क हे मुख्यतः या जातीचे. अनुच्छेद १३ म्हणतो की मूलभूत हक्क हिरावणारा कायदा राज्याने केला तर तेवढ्यापुरता तो शून्य.

आणि उतारा? त्यावर नाव लागले म्हणजे मालक झालो, ही समजूत दोन्ही राज्यांत सारखीच आहे आणि सारखीच चुकीची आहे. कर्नाटकाच्या १९६४ च्या जमीन महसूल कायद्याने उताऱ्यावरची नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरली जाते. म्हणजे तो पुरावा आहे, मालकी नव्हे. मालकी खरेदीखत, वाटणीपत्र, वारसा यांतून येते.

दावा आणि फिर्याद

'केस घातली' या शब्दांत आपण दोन अगदी वेगळ्या गोष्टी एकत्र बांधतो. बांध कुणाचा, पैसे कुणाचे, वाटा किती, हा दिवाणी दावा; तिथे ज्याचे म्हणणे अधिक संभवनीय वाटते तो जिंकतो. चोरी, मारहाण, फसवणूक ही फौजदारी. तिथे रास्त शंकेला जागा न उरेल इतका पुरावा सरकारला द्यावा लागतो, कारण पणाला माणसाचे स्वातंत्र्य असते. जमीन कुणाची हे पोलीस ठरवू शकत नाहीत. तरी बांधाच्या भांडणात लोक आधी ठाणे गाठतात आणि वर्ष घालवतात.

जुन्या पुस्तकांतून शिकणाऱ्यांनी एवढे लक्षात ठेवावे की १ जुलै २०२४ पासून १८६० च्या दंडसंहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. 'चारशेवीस' हा शब्द बोलण्यात राहील, पण फसवणुकीचे कलम आता ३१८ आहे. सीमाभागात ज्याचे नाव पोरासोरांनाही पाठ आहे ते जमावबंदीचे १४४ कलम आता नागरिक सुरक्षा संहितेत १६३ झाले. त्या तारखेआधीचा गुन्हा मात्र जुन्याच दंडसंहितेने तोलला जातो, कारण कृत्य घडले तेव्हा जो कायदा होता त्यापेक्षा जास्त शिक्षा देता येत नाही, हे अनुच्छेद २० चे बंधन आहे.

हद्द

बाची सोडली की शिनोळी लागते. रस्ता तोच, पलीकडे राज्य महाराष्ट्र. घटनेच्या सातव्या अनुसूचीत विषयांच्या तीन याद्या आहेत : केंद्राची, राज्याची आणि दोघांची मिळून समवर्ती. करार समवर्ती यादीत, म्हणून कराराचा १८७२ चा कायदा बाचीत आणि शिनोळीत एकच. शेतजमीन राज्याच्या यादीत, म्हणून ती कुणी विकत घ्यायची याचे नियम वेगळे. महाराष्ट्रात आजही सर्वसाधारणपणे शेतकरीच शेतजमीन घेऊ शकतो. कर्नाटकाने २०२० मध्ये ही अट सैल केली.

आपल्याकडे हमखास येणारा प्रश्न असा : भाऊ बेळगावात, जमीन चंदगडात, दावा कुठे? दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम १६ सांगते, जिथे जमीन तिथे. थोडी जमीन इकडे, थोडी तिकडे असेल तर कलम १७ दोहोंपैकी कुठल्याही कोर्टात जाऊ देते. हद्द चुकली तर चांगला दावाही परत हातात येतो, आणि तोवर मुदत सरू लागते. ग्राहक तक्रारीत मात्र २०१९ च्या कायद्याने तुम्ही राहता तिथल्याच आयोगाकडे जाता येते, दुकान सांगलीत असो की बेंगळुरूत.

भाषेचीही हद्द असते. जिल्हा आणि तालुका कोर्टांची भाषा राज्य ठरवते, आपल्याकडे ती कन्नड. उच्च न्यायालयाचे कामकाज अनुच्छेद ३४८ नुसार इंग्रजीत. आपल्याला जवळचे ते धारवाडचे खंडपीठ, २००८ मध्ये सुरू झालेले आणि २०१३ मध्ये कायम झालेले. पण फौजदारी खटल्यात आरोपीला न समजणाऱ्या भाषेत साक्ष झाली तर ती त्याला समजेल अशा भाषेत सांगितली गेली पाहिजे. हा मेहेरबानीचा भाग नाही, हक्क आहे, होफेल्ड यांच्या पहिल्या अर्थाने. तो मागायला लाजू नका. आणि कन्नड शिका. मी शिकले, आणि माझ्या मराठी पक्षकारांना त्याचाच सगळ्यात जास्त उपयोग झाला.

निकाल वाचताना

तळ्याकाठी पाटी आहे : 'तळ्यात जनावरे धुण्यास मनाई.' म्हशी धुतल्या तर नियम मोडला, यात वाद नाही. कुणी ट्रॅक्टर धुतला तर? ट्रॅक्टर जनावर नव्हे, शब्द धरून बसलात तर तो सुटतो. पण पाटी कशासाठी आहे? पिण्याचे पाणी राखायला. हेतू पाहिला तर डिझेल सांडणारा ट्रॅक्टर म्हशीहून वाईट. आणि गाळात रुतलेले वासरू वर काढताना त्याचा चिखल पाण्यात धुतला गेला तर? शब्द आणि हेतू यांच्यातली ही ओढाताण म्हणजेच कायद्याचा अर्थ लावणे. माझे मत असे की दंड किंवा तुरुंग असेल तिथे शब्दांना घट्ट धरावे, कारण पाटीवर न लिहिलेल्या गोष्टीसाठी माणसाला शिक्षा करता कामा नये. ट्रॅक्टरवाल्याला अडवायचे तर ग्रामपंचायतीने पाटी बदलावी.

निकालातले प्रत्येक वाक्यही कायदा नसते. प्रकरण ज्या तत्त्वावर सुटले, तेवढेच पुढच्या कोर्टांना बांधते. ओघात केलेली टिप्पणी बांधत नाही. अनुच्छेद १४१ मुळे सर्वोच्च न्यायालयाने जाहीर केलेला कायदा सगळ्या कोर्टांवर बंधनकारक असतो, म्हणून 'नक्की काय जाहीर केले' हे नेमके ओळखता आले पाहिजे. कर्नाटक सरकारच्या १९९४ च्या आदेशाने पहिली ते चौथीचे माध्यम मातृभाषा किंवा कन्नड असावे, अशी सक्ती केली होती. ६ मे २०१४ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने सांगितले की प्राथमिक शिक्षणाचे माध्यम निवडणे हा अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे, सरकार मातृभाषेचीही सक्ती करू शकत नाही. हे झाले निकालाचे तत्त्व. मराठी शाळा चालवायची गरज नाही, असे तो म्हणत नाही. भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळण्यासाठी पुरेशा सोयी करण्याचा प्रयत्न राज्याने करावा, असे सांगणारा अनुच्छेद ३५०-अ आजही जागेवर आहे. कुणी त्या निकालाचा दाखला देऊन शाळा बंद करण्याचे समर्थन केले तर त्याला निकालातला परिच्छेद विचारा.

सीमेचा दावा

आता आपल्या सगळ्यांच्या जिव्हाळ्याचे. १९६६ मध्ये केंद्राने महाजन आयोग नेमला, १९६७ मध्ये त्याने अहवाल दिला. काही गावे इकडे, काही तिकडे, बेळगाव शहर कर्नाटकात, अशी ती शिफारस महाराष्ट्राने नाकारली. कायद्याच्या दृष्टीने लक्षात ठेवायचे ते हे की आयोगाचा अहवाल म्हणजे शिफारस. विधिमंडळाचा ठराव म्हणजे इच्छा. डिसेंबर २०२२ मध्ये दोन्ही विधिमंडळांनी आठवड्याभराच्या अंतराने आपापले ठराव केले; त्याने सीमा तसूभर हलली नाही. राज्याची सीमा बदलण्याचा अधिकार अनुच्छेद ३ ने संसदेला दिला आहे. त्याआधी राष्ट्रपतींनी संबंधित विधिमंडळांचे मत मागवायचे असते, संमती मात्र लागत नाही. 'बाबूलाल पराते' खटल्यात १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तर असे सांगितले की मत मागवल्यानंतर विधेयकात मोठा बदल झाला, तरी ते पुन्हा विधिमंडळाकडे पाठवावे लागत नाही. तो वाद याच १९५६ च्या कायद्यातून, द्विभाषिक मुंबई राज्यावरून निघाला होता.

२००४ मध्ये महाराष्ट्राने सर्वोच्च न्यायालयात मूळ दावा दाखल केला. अनुच्छेद १३१ नुसार दोन राज्यांमधला कायदेशीर हक्काचा वाद थेट तिथेच जातो. त्यात १९५६ च्या कायद्याच्या काही तरतुदींनाच आव्हान आहे. कर्नाटकाचा पहिला मुद्दा असा की सीमा ठरवणे हे संसदेचे काम, हा दावा कोर्टात चालूच शकत नाही.

माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलांना मी यावर दोन पाने लिहायला सांगते, प्रत्येक बाजूचे एक. आपल्या घरांतली मुले महाराष्ट्राचे पान आधी उघडतात. त्यांना थांबवून मी सांगते, आधी कर्नाटकाचे लिही, अनुच्छेद ३ आणि 'बाबूलाल पराते' घेऊन, असे लिही की कर्नाटकाच्या वकिलाने ते जसेच्या तसे कोर्टात वाचावे. मग दुसरे पान घे आणि त्याला उत्तर दे : संसदेचा कायदाही समानतेच्या अनुच्छेद १४ च्या कसोटीतून सुटत नाही, आणि एका ठिकाणी एक निकष, दुसऱ्या ठिकाणी दुसरा लावला असेल तर त्याला मनमानी म्हणता येते. पहिले पान जितके भक्कम होते, तितके दुसऱ्याला कष्ट पडतात. गेल्या वर्षी एका मुलीने पहिल्या पानासाठी तीन दिवस घेतले आणि दुसरे एका रात्रीत लिहून आणले. मी ते परत केले, पुन्हा लिहायला.